मालकाला 'नाही' सांगणारी यादी : ऑझी न्यूसम आणि १९९६ चा ड्राफ्ट

अमेरिकन फुटबॉलमध्ये क्वार्टरबॅक (चेंडू फेकून आक्रमण चालवणारा खेळाडू) आणि प्रशिक्षक यांची नावे लहान पोरांनाही पाठ असतात. संघ बांधणारा माणूस मात्र सहसा कोणाला आठवत नाही. कोणाला घ्यायचे, कोणाला सोडायचे, कोणाला किती पैसे मोजायचे हे ठरवतो जनरल मॅनेजर. तो चुकला की दुसऱ्या दिवशी शहरभर त्याच्या नावाने बोटे मोडली जातात. बरोबर ठरला तर श्रेय मैदानावरच्यांचे. ऑझी न्यूसम यांनी हे काम बाल्टिमोर रेव्हन्ससाठी १९९६ ते २०१८ अशी दोन दशकांहून जास्त वर्षे केले. त्यातला एक दिवस इथे तपासायचा आहे : २० एप्रिल १९९६, शनिवार, ड्राफ्टचा, म्हणजे महाविद्यालयीन खेळाडू संघांनी निवडून घेण्याचा दिवस. पुढच्या वर्षांतले काही निर्णय सोबत घेतले आहेत, पण ते एवढ्यासाठीच की त्या शनिवारी जे घडले ती कामाची पद्धत होती की नशीब, हे कळावे.

माणूस आणि संघ

न्यूसम अलाबामाचे. महाविद्यालयात बेअर ब्रायंट या दरारा असलेल्या प्रशिक्षकाच्या हाताखाली खेळले. १९७८ मध्ये क्लीव्हलँड ब्राउन्सने त्यांना पहिल्या फेरीत, २३ व्या क्रमांकावर निवडले. टाइट एंड (प्रतिस्पर्ध्याला अडवणारा आणि पासही झेलणारा खेळाडू) म्हणून ते तेरा हंगाम तिथेच खेळले, ६६२ झेल घेतले आणि सलग १५० सामन्यांत किमान एक तरी झेल पकडला. १९९० चा हंगाम संपल्यावर निवृत्त झाले आणि १९९१ मध्ये त्याच संघाच्या कार्यालयात स्काउट, म्हणजे खेळाडू हेरणारा, म्हणून रुजू झाले. त्याच वर्षी बिल बेलिचिक तिथे मुख्य प्रशिक्षक झाला होता. खेळाडूंचे मूल्यमापन कसे लिहायचे, कोणत्या जागेला कोणते गुण लागतात, कोणत्या शब्दाचा नेमका अर्थ काय, याची शिस्त त्या कार्यालयात फार कडक होती. काल-परवापर्यंत स्टेडियम ज्यांच्या नावाचा जयघोष करत होते, ते न्यूसम तिथे गुमान अहवाल लिहायला बसले.

मग ६ नोव्हेंबर १९९५ उजाडला. संघाचे मालक आर्ट मोडेल यांनी बाल्टिमोरमध्ये उभे राहून जाहीर केले की ब्राउन्स आता इथे येणार. क्लीव्हलँडमध्ये आग लागल्यासारखे झाले. डिसेंबरमधल्या शेवटच्या घरच्या सामन्यात लोकांनी बसायची बाकडी उपटून मैदानात भिरकावली. बाल्टिमोरलाही हे दुःख नवे नव्हते. १९८४ मध्ये त्यांचा कोल्ट्स संघ एका रात्रीत ट्रकांमध्ये सामान भरून इंडियानापोलिसला निघून गेला होता. बारा वर्षे तिष्ठत बसलेले हे शहर आता दुसऱ्याचा संघ घेऊन आनंदात होते आणि त्या आनंदाला अपराधाची किनार होती.

फेब्रुवारी १९९६ मध्ये तडजोड झाली. माणसे आणि करार बाल्टिमोरला जाणार, पण ब्राउन्स हे नाव, रंग आणि सगळा इतिहास क्लीव्हलँडमध्येच राहणार. न्यूसम यांच्या दृष्टीने याचा अर्थ असा की त्यांचे सगळे झेल, सगळे विक्रम मागे राहिले आणि ते स्वतः पुढे गेले. बेलिचिकला काढून टाकण्यात आले. टेड मार्चिब्रोडा प्रशिक्षक झाले आणि खेळाडू निवडीची जबाबदारी उपाध्यक्ष म्हणून न्यूसम यांच्याकडे आली. वय चाळीस. याआधी कधी स्वतःच्या जबाबदारीवर ड्राफ्ट चालवलेला नाही. ड्राफ्टला उरले होते जेमतेम दोन महिने आणि संघाला अजून नावसुद्धा मिळाले नव्हते. ते मार्चमध्ये ठरले : रेव्हन्स. कार्यालय थाटले ते ओविंग्ज मिल्समध्ये, कोल्ट्सने सोडून दिलेल्या जुन्या जागेत.

ड्राफ्ट आणि भिंतीवरचा बोर्ड

आयपीएलचा लिलाव पाहणाऱ्याला ड्राफ्ट समजायला वेळ लागत नाही, फक्त एक फरक ध्यानात ठेवावा लागतो : इथे बोली नसते. गेल्या हंगामात जो सर्वांत वाईट खेळला तो पहिला निवडतो, मग त्याच्या वरचा, असे करत विजेत्यापर्यंत. सात फेऱ्या होतात. महाविद्यालयातून येणाऱ्या खेळाडूला संघ निवडायचा हक्क नसतो, संघाने त्याला निवडायचे. आपला क्रमांक आपण दुसऱ्या संघाला देऊ शकतो, त्याचा घेऊ शकतो, पुढच्या वर्षीचाही आजच मोडू शकतो. घासाघीस सगळी तिथे चालते.

वर्षभर स्काउट गावोगावच्या महाविद्यालयांत हिंडतात, सराव पाहतात, चित्रफिती पुन्हा पुन्हा पाहतात, प्रशिक्षकांशी आणि घरच्यांशी बोलतात. त्यातून प्रत्येक खेळाडूला एक श्रेणी मिळते आणि त्याच्या नावाची पट्टी भिंतीवरच्या बोर्डावर ठरावीक उंचीवर लागते. वरची पट्टी म्हणजे चांगला खेळाडू. वाचायला सोपे वाटते. खरी परीक्षा ड्राफ्टच्या दिवशी असते. घड्याळ चालू असते (पहिल्या फेरीत तेव्हा प्रत्येक संघाला पंधरा मिनिटे मिळत), फोन वाजत असतात, आणि खोलीतल्या प्रत्येकाला एकाएकी आठवते की आपल्याला तर अमुक जागेवर माणूस हवाय. बोर्डावर सर्वांत वर असलेला खेळाडू आणि संघाची गरज यांची फारकत होते तेव्हा काय करायचे, हा या धंद्यातला सगळ्यांत जुना वाद आहे.

तो शनिवार

रेव्हन्सकडे पहिल्या फेरीत दोन संधी होत्या, चौथी आणि सव्विसावी. संघाला गरज होती धावणाऱ्या खेळाडूची, म्हणजे रनिंग बॅकची. आणि बाजारात एक होता : नेब्रास्काचा लॉरेन्स फिलिप्स. गुणवत्तेबद्दल दुमत नव्हते. मात्र १९९५ मध्ये पूर्वीच्या मैत्रिणीला मारहाण केल्याबद्दल त्याला अटक झाली होती, निलंबन झाले होते. तरीही मोडेल यांचा कल त्याच्याकडे होता. मालकाच्या बाजूने पाहिले तर ते समजण्यासारखे होते. नवे शहर, उसना संघ, गेल्या हंगामात फक्त पाच विजय. लोकांना लगेच दिसेल असा चेहरा हवा. चेंडू हातात घेऊन धावणारा माणूस पहिल्या रविवारीच दिसतो.

पहिला क्रमांक न्यूयॉर्क जेट्सचा, त्यांनी किशॉन जॉन्सन घेतला. जॅक्सनव्हिलने केविन हार्डी. ॲरिझोनाने सिमिऑन राइस. आणि चौथ्या क्रमांकावर रेव्हन्सच्या बोर्डावर सर्वांत वर जी पट्टी उरली ती जोनाथन ऑग्डनची. यूसीएलएचा ६ फूट ९ इंच उंचीचा ऑफेन्सिव्ह टॅकल. काम काय, तर क्वार्टरबॅकवर चालून येणाऱ्याला अडवणे. टॅकलचे नाव प्रेक्षकाला कळते ते बहुधा त्याचा माणूस सुटून क्वार्टरबॅक आडवा झाल्यावर.

त्यात अडचण अशी की रेव्हन्सकडे डावा टॅकल आधीच होता. टोनी जोन्स, चांगला अनुभवी. म्हणजे जी जागा भरलेली आहे तिथे आणखी एक माणूस, आणि जिथे खड्डा आहे तो तसाच. मालक समोर बसलेला, त्याला दुसराच खेळाडू हवा. न्यूसम यांनी बोर्ड पाहिला आणि ऑग्डनचे नाव पाठवले.

मला या निर्णयात न्यूसम यांच्या धैर्यापेक्षा पूर्वतयारी जास्त दिसते. मालकाशी त्या पंधरा मिनिटांत वाद घालून कोणी जिंकत नाही. ऑग्डन वर आणि फिलिप्स खाली हे आठवड्यांपूर्वी ठरले होते, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत, शांतपणे, घड्याळ नसताना. त्या दिवशी न्यूसम यांना "माझे ऐका" म्हणायचे नव्हते. आपण सर्वांनी मिळून जे लिहिले ते मानायचे की नाही, एवढाच प्रश्न त्यांनी ठेवला. मोडेल यांचे मोठेपण असे की त्यांनी मानले. नाराजी गिळून मागे सरणारा मालक नसता तर ही पद्धत पहिल्याच दिवशी गुंडाळली गेली असती. हे प्रकरण सांगताना बरेच जण मोडेल यांना नुसते खलनायकाच्या जागी बसवतात; क्लीव्हलँडमध्ये ते ठीक आहे, इथे नाही.

ऑग्डनचे पुढे काय झाले? पहिल्या वर्षी तो लेफ्ट गार्ड खेळला, म्हणजे शेजारच्या जागेवर, कारण टॅकलला जोन्स होता. १९९७ च्या फेब्रुवारीत जोन्सला डेन्व्हरकडे पाठवले आणि ऑग्डन आपल्या जागेवर सरकला. बारा हंगामांत अकरा वेळा त्याची प्रो बोलसाठी, म्हणजे एनएफएल या लीगमधल्या निवडक खेळाडूंच्या सामन्यासाठी, निवड झाली. २०१३ मध्ये तो हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे या खेळातल्या थोरांच्या मानाच्या यादीत, गेला. फिलिप्सला सेंट लुइस रॅम्सने सहाव्या क्रमांकावर घेतले आणि त्याच्यासाठी जागा करायला जेरोम बेटिस पिट्सबर्गला देऊन टाकला. बेटिस पुढे हॉल ऑफ फेममध्ये पोहोचला. फिलिप्सला रॅम्सने दुसऱ्याच हंगामात काढून टाकले. त्याचे आयुष्य तुरुंगात संपले, २०१६ मध्ये.

सव्विसाव्या क्रमांकाची गोष्ट निराळी आहे. तो क्रमांक मुळात रेव्हन्सचा नव्हताच. १९९५ मध्ये, बेलिचिकच्या काळात, क्लीव्हलँडने आपला दहावा क्रमांक सॅन फ्रान्सिस्कोला दिला आणि बदल्यात जे घेतले त्यात त्यांची १९९६ ची पहिल्या फेरीतली जागा होती. म्हणजे न्यूसम यांना हे ताट वाढून मिळाले होते. त्यावर त्यांनी घेतला मायामी विद्यापीठाचा लाइनबॅकर (बचावाच्या मधल्या फळीतला खेळाडू) रे लुइस. या जागेसाठी तो अंगाने लहान, असे अनेकांचे मत होते. तो सतरा हंगाम खेळला, दोनदा वर्षातला सर्वोत्तम बचावपटू ठरला आणि २०१८ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये गेला. पहिल्याच ड्राफ्टच्या पहिल्याच फेरीत हॉल ऑफ फेमचे दोन खेळाडू. पाचव्या फेरीतून जर्मेन लुइस आला, चेंडू परतवणारा एक चपळ पोरगा. त्याचे नाव पुढे येईल.

चारित्र्याची गोष्ट इतकी सरळ नाही

हे प्रकरण व्याख्यानांत सांगितले जाते तेव्हा त्याला एक सोयीस्कर वळण मिळते : वाईट चालीचा मुलगा नाकारला, चांगला घेतला, देव पावला. मला ते पटत नाही. जानेवारी २००० मध्ये अटलांटात सुपर बोलच्या, म्हणजे लीगच्या अंतिम सामन्याच्या, रात्री झालेल्या भांडणात दोन तरुणांचा खून झाला. रे लुइसवर खुनाचा आरोप ठेवला गेला, मग तो मागे घेतला गेला आणि तपासात अडथळा आणल्याचा किरकोळ गुन्हा त्याने कबूल केला. एक वर्षाचे प्रोबेशन, शिवाय लीगकडून अडीच लाख डॉलर दंड. रेव्हन्स त्याच्या पाठीशी उभे राहिले. २०१४ मध्ये रे राइस या त्यांच्याच रनिंग बॅकने अटलांटिक सिटीतल्या एका कॅसिनोच्या लिफ्टमध्ये होणाऱ्या बायकोला ठोसा मारून बेशुद्ध केले. हे फेब्रुवारीत झाले. संघाने त्याला काढले ८ सप्टेंबरला, लिफ्टमधली चित्रफीत जगाने पाहिली त्या दिवशी. मालक स्टीव्ह बिशोटी यांनी नंतर जाहीर पत्रात चूक मान्य केली. ती चित्रफीत मिळवायला संघाने आधीच जास्त खटपट करायला हवी होती.

तेव्हा ऑग्डनची निवड म्हणजे नीतिमत्तेचा विजय असे लिहिणे म्हणजे पुढची वीस वर्षे झाकून ठेवणे. बोर्डावर खेळाची श्रेणी नीट लागत होती. माणूस कसा आहे, आणि त्याने काही केले तर संघ काय करणार, हे तिथे तितक्या नेमकेपणाने लिहिलेले नव्हते.

यादी पाळली तेव्हा, मोडली तेव्हा

१९९६ मध्ये संघाने फक्त चार सामने जिंकले. पुढची तीन वर्षेही बेताचीच. पण या काळात बोर्ड काम करत होता : पीटर बूलवेअर, डुआन स्टार्क्स, क्रिस मॅकॲलिस्टर, बचावातली एकेक वीट. १९९९ मधला एक व्यवहार मला फार आवडतो. रेव्हन्सने दुसऱ्या फेरीतली आपली जागा अटलांटाला दिली आणि त्यांची पुढच्या वर्षीची पहिल्या फेरीतली जागा मागितली. अटलांटा नुकताच सुपर बोल खेळून आलेला, त्यांना वाटले आपला क्रमांक शेवटचाच असणार, जाते काय. ते पाच सामने जिंकून आपटले आणि ती जागा पाचवी निघाली. त्यातून रनिंग बॅक जमाल लुइस आला. १९९६ मध्ये राहिलेला खड्डा चार वर्षांनी भरला, तोही दुसऱ्याच्या पैशाने.

२००० च्या हंगामात या संघाने सलग पाच सामन्यांत आक्रमणातून एकही टचडाउन (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या टोकाच्या रेषेपार नेणे) केले नाही आणि त्यातले दोन सामने तरी जिंकले. सोळा सामन्यांत बचावाने फक्त १६५ गुण दिले, सोळा सामन्यांच्या हंगामातला विक्रम. २८ जानेवारी २००१ ला टॅम्पामध्ये जायंट्सला ३४-७ असे हरवून सुपर बोल जिंकला. त्यातली ३६ सेकंदे पाहावीत : स्टार्क्सने पास अडवून ४९ यार्ड धाव घेत टचडाउन केले, लगेच जायंट्सच्या रॉन डिक्सनने ९७ यार्ड परतवून उत्तर दिले, आणि पुढच्याच किकवर पाचव्या फेरीतल्या जर्मेन लुइसने ८४ यार्ड परतवून दाखवले.

एवढे झाल्यावरही न्यूसम यांच्या दारावर जनरल मॅनेजर ही पाटी नव्हती. ती लागली नोव्हेंबर २००२ मध्ये. १९२० मध्ये सुरू झालेल्या या लीगमध्ये हे पद मिळालेले ते पहिले कृष्णवर्णीय. काम सहा वर्षांपूर्वीपासून तेच करत होते, चषकही आणला होता. मोठा सन्मान म्हणून याचे वर्णन होते; मला यात आधी उशीर दिसतो.

चषकानंतर लगेच घसरण झाली. जिंकून देणारा क्वार्टरबॅक ट्रेंट डिल्फरला त्यांनी पुन्हा करार दिला नाही, जास्त पैसे मोजून एल्व्हिस ग्रबॅकला आणले, आणि तो एका हंगामात निवृत्त झाला. मग सॅलरी कॅपचा फास बसला. लीगमध्ये प्रत्येक संघाच्या पगारखर्चावर कमाल मर्यादा असते. आजचा खर्च उद्यावर ढकलता येतो, पण तो कधीतरी वसूल होतोच. २००२ मध्ये रॉड वुडसन, शॅनन शार्प, सॅम ॲडम्स अशा कितीतरी जणांना निरोप द्यावा लागला. यातून न्यूसम काय शिकले ते त्यांच्या पुढच्या व्यवहारांत दिसते. चांगला खेळाडू दुसरीकडे फार किंमत मिळवत असेल तर त्याला जाऊ द्यायचे. असे खेळाडू गमावलेल्या संघाला लीग पुढच्या ड्राफ्टमध्ये भरपाई म्हणून जादा जागा देते. रेव्हन्सने अशा जागा इतक्या गोळा केल्या की इतर कोणी तितक्या केल्या नाहीत.

आता २००३. गरज होती क्वार्टरबॅकची. हवा होता बायरन लेफ्टविच. मिनेसोटाच्या सातव्या क्रमांकावर चढायचे बोलणे झाले, पण वेळेत दोन्ही संघांकडून लीगला कळवणे राहिले आणि मिनेसोटाचे घड्याळ संपले. मागचे संघ पटापट पुढे घुसले, जॅक्सनव्हिलने लेफ्टविच उचलला. रेव्हन्स दहाव्या क्रमांकावर हात चोळत राहिले आणि बोर्डावर वर होता तो टेरेल सग्ज घेतला. तो पुढे संघाच्या इतिहासात सर्वाधिक सॅक करणारा, म्हणजे क्वार्टरबॅकला चेंडू फेकण्याआधीच पाडणारा, खेळाडू झाला. इथे थांबले असते तर बरे होते. पण गरज गप्प बसू देईना. दुसऱ्या फेरीतली जागा आणि पुढच्या वर्षीची पहिली फेरी न्यू इंग्लंडला देऊन एकोणिसाव्या क्रमांकावर काइल बोलर हा क्वार्टरबॅक आणला. तो कधीच जमला नाही. न्यू इंग्लंडने, म्हणजे पुन्हा बेलिचिकनेच, त्या जागेवर व्हिन्स विल्फोर्क घेतला आणि दोन सुपर बोल त्याच्यासोबत जिंकले. एकाच दुपारी, काही तासांच्या अंतराने, दोन्ही पद्धतींचा निकाल लागला.

क्वार्टरबॅक हीच या माणसाची दुखरी नस राहिली. २००८ मध्ये जो फ्लॅको मिळाला, पण त्यासाठी त्यांनी आठव्यावरून सव्विसाव्यावर खाली जाऊन मग अठराव्यावर वर यायचा संयम दाखवला होता. फेब्रुवारी २०१३ मध्ये त्याच फ्लॅकोने दुसरा सुपर बोल जिंकून दिला आणि लगेच सहा वर्षांसाठी १२ कोटी ६ लाख डॉलरचा करार मिळवला. किंमत पाहून खेळाडू सोडणाऱ्या कार्यालयाला या वेळी पर्याय नव्हता. अंतिम सामन्यातला महत्त्वाचा रिसीव्हर (पास झेलणारा) अँक्वान बोल्डिन तेव्हा सहाव्या फेरीतल्या एका जागेच्या मोबदल्यात सॅन फ्रान्सिस्कोला द्यावा लागला.

शेवटचा ड्राफ्ट

फेब्रुवारी २०१८ मध्ये जाहीर झाले की हंगामानंतर न्यूसम बाजूला होतील आणि एरिक डेकोस्टा त्यांची जागा घेतील. डेकोस्टा १९९६ पासून त्याच कार्यालयात. विशीतली हुशार पोरे, वर्षाला वीस हजार डॉलरच्या आसपास पगार, गाडी चालवण्यापासून चित्रफिती कापण्यापर्यंत पडेल ते काम. या पोरांना तिथे 'ट्वेंटी-ट्वेंटी क्लब' म्हणत. डेकोस्टा त्यातलेच. बाहेरून नामवंत आणण्यापेक्षा आपल्याच भट्टीत माणूस भाजून काढायचा, ही न्यूसम यांची रीत. कितीतरी संघांचे अधिकारी या कार्यालयातून गेले.

एप्रिलमध्ये रेव्हन्स सोळाव्या क्रमांकावर होते. खाली सरकून बाविसाव्यावर, पुन्हा सरकून पंचविसाव्यावर. तिथे हेडन हर्स्ट हा टाइट एंड घेतला. लुइव्हिलचा लमार जॅक्सन अजूनही शिल्लक होता. चार क्वार्टरबॅक त्याच्या आधी गेले होते आणि कित्येकांना हा धावणारा मुलगा या जागेचा वाटतच नव्हता. फेरीची शेवटची, बत्तिसावी जागा फिलाडेल्फियाकडे होती. पुढच्या वर्षीची दुसरी फेरी त्यात घालून न्यूसम यांनी ती घेतली आणि जॅक्सनचे नाव पाठवले. २०१९ मध्ये जॅक्सन एकमताने एमव्हीपी, म्हणजे हंगामातला सर्वांत मोलाचा खेळाडू, ठरला, २०२३ मध्ये पुन्हा ठरला.

या निवडीला शहाणपण म्हणावे का? रेव्हन्सने त्याला घेण्याची संधी स्वतः अनेकदा सोडली आणि हर्स्टला त्याच्या आधी घेतले. मधल्या सहा संघांपैकी एकाने जरी त्याचे नाव पुकारले असते तर आज आपण या ड्राफ्टबद्दल वेगळ्याच सुरात बोललो असतो. उलट बाजूने, पुढच्या वर्षीची जागा देऊन क्वार्टरबॅक आणायचा हाच डाव २००३ मध्ये फसला होता आणि तरीही ते पुन्हा खेळले, फक्त या वेळी किंमत कमी लावली. त्याच ड्राफ्टच्या तिसऱ्या फेरीत ऑर्लँडो ब्राउन ज्युनियर आणि मार्क अँड्र्यूज आले. ब्राउनचे शारीरिक चाचण्यांचे आकडे इतके खराब होते की बहुतेकांनी त्याची पट्टी खाली सरकवली होती. रेव्हन्सने चित्रफितीवर भरवसा ठेवला.

डेकोस्टा यांनी बोर्ड तसाच चालू ठेवला. २०१९ मध्ये संघाने सोळापैकी चौदा सामने जिंकले आणि २०२३ मध्ये जॅक्सनशी पाच वर्षांचा, २६ कोटी डॉलरचा करार झाला. २०२४ चा हंगाम संपेपर्यंत तिसरा सुपर बोल मात्र आलेला नव्हता.